कन्सोलवर घेतलेला डिजिटल गेम आणि रिफंड: इंदूरकरांनो, तुमचे अनुभव लिहा

तिलकनगरची ताई (धागाकर्ती)

आपल्या इंदूरच्या मराठी घरांत कन्सोल, म्हणजे टीव्हीला जोडून गेम खेळायचं यंत्र, ही आता नवलाई राहिलेली नाही. मुलगा पुण्या-बंगळूरला नोकरीला जातो आणि जाताना टीव्हीखालचं ते धूड धाकट्याच्या नावावर करून जातो. डिस्क घेतली असेल तर निदान ती जेल रोडवर विकता येते. डिजिटल गेमचं काय? चार-पाच हजारांची खरेदी, हातात काही नाही, पावती मेलमध्ये. चालला नाही, आवडला नाही, पोराने परस्पर घेतला, तर पैसे परत मिळतात का? कुठे येतात? ज्यांनी स्वतः अर्ज केलाय त्यांनीच लिहा. "कस्टमर केअरशी बोला" असले सल्ले नकोत, ते सगळ्यांनाच सुचतात. आणि स्वतःची तक्रार सांगताना कंपनीचं नाव घेऊ नका, उगाच धागा भरकटतो. नियम सांगताना मात्र कुठल्या कन्सोलचा ते स्पष्ट लिहा.

जेलरोडकर

ताई, मी जुन्या-नव्या डिस्क विकतो, त्यामुळे डिजिटल गेमवाले माझे गिऱ्हाईक नाहीत. पण अडले की येतात माझ्याच काउंटरवर. प्लेस्टेशनचा नियम त्यांना तोंडपाठ ऐकवतो: खरेदीपासून १४ दिवसांच्या आत मागा, आणि तोवर डाउनलोड सुरू झालेलं नसावं. "झालेलं" नाही हं, "सुरू". दोन टक्के उतरून थांबवलं तरी कंपनीच्या लेखी तुम्ही माल उचलला. गेममध्येच बिघाड असेल तर गोष्ट वेगळी.

खरी मेख पुढे आहे. कन्सोल रेस्ट मोडमध्ये, म्हणजे पूर्ण बंद न करता झोपवून, ठेवलेला असतो. तुम्ही ऑफिसात बसून फोनवरच्या ॲपमधून गेम घेता, आणि घरी कन्सोल आपणहून तो उतरवायला लागतो. मागच्या उन्हाळ्यात सुदामानगरचे एक गृहस्थ कन्सोल पिशवीत घालूनच घेऊन आले, "मी हात पण लावला नाही भिया!" म्हणत. जोडून बघितला, तर डाउनलोडच्या यादीत गेम अर्ध्याच्या वर उतरलेला. हात खरंच लावला नव्हता त्यांनी.

सेटिंगमध्ये आपोआप डाउनलोड आणि इन्स्टॉल बंद करायची सोय असते. गेम घेण्याआधी ती बघा, नंतर नाही.

पीसीवाला भाचा

हा काय न्याय झाला? स्टीमवर, म्हणजे पीसी गेमच्या ऑनलाइन दुकानात, २०१५ पासून सरळ हिशेब आहे: १४ दिवसांच्या आत आणि दोन तासांहून कमी खेळलं असेल तर कारण काही का असेना, पैसे परत. न खेळता कसं कळणार गेम चांगला की भंगार?

जेलरोडकर

भाचेराव, तुमचं बरोबर आहे, पण ते पीसीचं. पीसीवरून कन्सोलवर आलेली मंडळीच इथे जास्त फसतात, कारण दोन तासांचा हिशेब डोक्यात पक्का बसलेला असतो. आणि १४ हा आकडा दोन्हीकडे तोच, त्यामुळे घोळ आणखी वाढतो.

अर्धी रात्र गेमिंग

माझ्याकडे एक्सबॉक्स आहे. तिथे थोडं मोकळं वातावरण आहे. १४ दिवसांच्या आत मागायचं आणि गेम "फार" खेळलेला नसावा. किती म्हणजे फार, ते तासांत कुठे लिहिलेलं नाही. मी घेतलेला गेम दुसऱ्या टप्प्याच्या सुरुवातीलाच बंद पडायचा. पुन्हा टाकून बघितला, तेच. मायक्रोसॉफ्टच्या खात्यात लॉगिन केलं की खरेदीची यादी येते, त्यातून गेम निवडून कारण लिहायचं. उत्तराला ७२ तासांची मुदत असते, मला त्याआधीच मेल आला, मंजूर. पैसे कार्डावर यायला मात्र वेळ लागला, तो भाग बँकवाल्या कोणीतरी लिहावा.

कारण लिहिताना निबंध लिहू नका. गेम कुठे बंद पडतो, काय संदेश येतो, काय करून बघितलं, बस्स.

रामबागची आई

माझा अनुभव गेमचा नाही, गेममधल्या नाण्यांचा. फुटबॉलच्या खेळात खेळाडूंची पाकिटं फोडायला पॉइंट लागतात. मुलगा सहावीत. कन्सोलवर कार्ड जतन केलेलं होतं, कारण थोरल्याने कॉलेजच्या सुट्टीत काहीतरी घेतलं होतं. दुपारी मी ऑफिसात, आणि फोनवर बँकेचे मेसेज एकामागून एक. पहिल्यांदा मला वाटलं कार्डच चोरलं कोणीतरी, म्हणून ते ब्लॉक करून टाकलं.

कंपनीकडे अर्ज केला. चॅटवर आधी यंत्र बोलतं, मग माणूस. माणूस गोड बोलला, पण उत्तर एकच: पॉइंट खात्यात जमा होऊन वापरले गेलेत, परत होणार नाहीत. मी म्हटलं, मूल अल्पवयीन आहे. तो म्हणाला, खातं प्रौढाचं आहे, तुमच्याच नावाचं. यावर काय बोलणार? मुलगा थोरल्याच्या खात्यातून खेळत होता आणि थोरल्याने ते माझ्या ईमेलवर उघडलेलं! थोडे पॉइंट न वापरलेले शिल्लक होते, तेवढ्यांचे तरी द्या म्हणून पुष्कळ घासाघीस केली, ती गेली वाया.

आता धाकट्याचं वेगळं मुलाचं खातं केलंय, महिन्याची खर्चाची मर्यादा शून्य. काही हवं असेल तर मला विचारतो. खरेदीच्या वेळी दर वेळी पासवर्ड मागायची सोयही चालू केली, आणि तो पासवर्ड थोरल्यालाही माहीत नाही. तो चिडलाय, असू दे.

छप्पनचा शॉट

मुलाचं खातं करा, यावर +१. आमच्याकडे पोराने विकत घ्यायला बटण दाबलं की बायकोच्या फोनवर परवानगी मागणारा निरोप येतो. ती सरळ "नाही" दाबते. रिफंडची भानगडच नाही.

लाल टोपीवाला

स्विच वापरणाऱ्यांसाठी. निन्टेन्डो आपल्याकडे अधिकृतपणे कन्सोल विकत नाही, त्यामुळे बहुतेक जण बाहेरच्या देशाचं खातं उघडून गेम घेतात. नियम कडक आहे: डिजिटल विक्री अंतिम. आगाऊ नोंदवलेला गेम तेवढा बाजारात येण्याआधी रद्द करता येतो. मी एक केला होता, खात्यात जाऊन दोन मिनिटांचं काम. फक्त व्यवहार डॉलरमध्ये होता. गेलेले डॉलर आणि आलेले डॉलर सारखेच, रुपये मात्र सारखे नाहीत. जाताना दर वेगळा, येताना वेगळा, आणि परकीय व्यवहाराचं शुल्क बँकेने ठेवून घेतलं ते घेतलंच.

पासबुक

बँकेत आहे (कुठल्या ते विचारू नका), म्हणून वर मागितलेला भाग मी लिहितो. लोक दोन वेगळ्या गोष्टींची गल्लत करतात.

पहिली: पैसे कापले गेले, पण गेम मिळालाच नाही. स्टोअरने "व्यवहार अयशस्वी" दाखवलं आणि बँकेचा मेसेज मात्र आला. हा रिफंड नाही, हा फसलेला व्यवहार. रिझर्व्ह बँकेच्या सप्टेंबर २०१९च्या परिपत्रकाप्रमाणे कार्डाच्या अशा ऑनलाइन व्यवहारात पैसे व्यवहाराच्या दिवसानंतर पाच दिवसांत आपोआप परत यायला हवेत. पुढच्या प्रत्येक दिवसाला १०० रुपये भरपाई, तीही ग्राहकाने न मागता. शाखेत येऊन हे परिपत्रक म्हणून सांगा, समोरच्याचा सूर बदलतो.

दुसरी: गेम मिळाला, कंपनीने रिफंड मंजूर केला, आणि पैसे दिसत नाहीत. इथे बँकेशी भांडून उपयोग नसतो, कारण पैसे अजून आमच्यापर्यंत आलेलेच नसतात. कंपनीकडून एआरएन मागा. हा २३ आकडी क्रमांक असतो, कार्डावर परत येणाऱ्या रकमेची जणू रेल्वेची बिल्टी. तो दिला की रक्कम कुठे अडकलीय ते आम्हाला शोधता येतं. चॅटवरच्या माणसाला "रिफंड कधी येणार" विचारलंत तर तो "काही कामाचे दिवस" म्हणेल. "एआरएन द्या" म्हणालात तर त्याला काहीतरी शोधून द्यावं लागतं.

आमच्या शाखेत एक मुलगा आला होता, कार्ड बदललं होतं आणि रिफंड जुन्या कार्डाच्या नंबरावर निघालेला. त्याचा चेहरा उतरलेला. कार्ड बदललं तरी खातं तेच असेल तर रक्कम साधारणपणे खात्यात येऊन पडते. खातंच बंद केलं असेल तर मात्र ती परत कंपनीकडे जाते, आणि मग खरी वणवण.

अवांतर: स्टोअरवर किंमत रुपयांत दिसत असली तरी विक्रेता परदेशात नोंदलेला असू शकतो. काही बँका अशा व्यवहारावरही छोटं शुल्क लावतात. रिफंडमध्ये गेमची किंमत येते, हे शुल्क येईलच असं नाही. स्टेटमेंटमध्ये वेगळी ओळ असते, बघा.

लाल टोपीवाला

बिल्टी! आत्ता बरोबर कळलं.

राजवाडा रिस्पॉन

गिफ्ट कार्डवाल्यांनी एक लक्षात ठेवा. कार्डाचा कोड टाकून स्टोअरचं वॉलेट भरलं, त्यातून गेम घेतला, आणि गेम परत केला, तर पैसे वॉलेटमध्येच येतात. तिथून बँकेत काढता येत नाहीत. माझे तसेच पडून होते, शेवटी सेलमध्ये दुसरा गेम घेतला. मात्र याच नियमाचा फायदाही घेतलाय: गेम घेतला, उतरवला नाही, आठवड्याभरात त्यावर सेल लागला. आधीचा परत केला आणि स्वस्तात तोच पुन्हा घेतला. फरकाची रक्कम कोणी देत नाही, पण हे करायला कोणी अडवत नाही.

सायबर सराफा

डाउनलोड केलं, खेळलं, तरी पैसे परत मिळाले, असंही घडलंय. सायबरपंक २०७७ आठवतो का? १० डिसेंबर २०२०ला आला. जुन्या प्लेस्टेशन ४ (पीएस४) वर त्याची दशा बघवत नव्हती. माणसं अर्धवट चेहऱ्याची, गाड्या हवेत उगवायच्या, आणि दर थोड्या वेळाने गेम सरळ बंद. आठवड्याभरात प्लेस्टेशनवाल्या सोनीने तो स्टोअरवरून काढला आणि ज्यांनी तिथून घेतलाय त्या सगळ्यांना मागाल तर पूर्ण पैसे देऊ म्हणून जाहीर केलं. मी अर्ज भरला, पैसे आले. गेम २१ जून २०२१ला स्टोअरवर परत आला. आता तो पीएस५ वर छान चालतो, सेलमध्ये घेतला.

कॉन्कॉर्ड या ऑनलाइन गेमचंही तसंच. २३ ऑगस्ट २०२४ला आला, ६ सप्टेंबरला सर्व्हर बंद, सगळ्यांचे पैसे परत. पण जगभर बोंब होते तेव्हाच कंपन्या नियम बाजूला ठेवतात. तुमच्या-माझ्या एकट्याच्या बोंबेला कोण विचारतो?

मास्तर (वकील)

सायबर सराफा, एकट्याचीही बोंब ऐकवता येते, पण योग्य दारात मारायला हवी.

आधी ते १४ दिवस. युरोपीय संघाच्या २०११च्या ग्राहक निर्देशात ऑनलाइन खरेदी १४ दिवसांत रद्द करायचा हक्क आहे. त्यातच अपवाद आहे: डिजिटल मजकूर पुरवायला ग्राहकाच्या संमतीने सुरुवात झाली की हा हक्क संपतो. प्लेस्टेशनची "डाउनलोड सुरू" ही रेघ त्या अपवादाशी तंतोतंत जुळते. म्हणजे भाचेराव, हा नियम "गेम आवडला नाही" या तक्रारीसाठी मुळी घडलेलाच नाही. मन बदललं तर परत करा, एवढ्यापुरता आहे.

सदोष माल हा वेगळा प्रश्न. ऑस्ट्रेलियात २०२०मध्ये तिथल्या न्यायालयाने सोनीच्या युरोपातल्या कंपनीला ३५ लाख ऑस्ट्रेलियन डॉलरचा दंड केला. गेम सदोष असूनही, डाउनलोड झालाय किंवा १४ दिवस उलटलेत म्हणून आम्ही पैसे द्यायला बांधील नाही, असं ग्राहकांना सांगितलं गेलं होतं.

आपल्याकडे २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्यात ई-कॉमर्सच्या व्याख्येतच डिजिटल उत्पादनं आहेत. २०२०च्या ई-कॉमर्स नियमांप्रमाणे कंपनीच्या तक्रार अधिकाऱ्याने ४८ तासांत पोच द्यायची आणि महिन्याभरात निवारण करायचं. ते झालं नाही तर १९१५ या राष्ट्रीय हेल्पलाइनवर नोंदवा. तिथेही भागलं नाही तर जिल्हा ग्राहक आयोग. तक्रारदार जिथे राहतो तिथे दाखल करता येते, म्हणजे आपल्याला इंदूर सोडायला नको, आणि पाच लाखांपर्यंतच्या खरेदीला शुल्क नाही. पाच हजारांच्या गेमसाठी तारखा घालायच्या का, हे ज्याचं त्याने बघावं. मी स्वतः १९१५च्या पुढे जायला कोणाला सांगत नाही.

रामबागची आई

मास्तर काका, माझ्या पॉइंटच्या बाबतीत काही होईल का?

मास्तर (वकील)

पॉइंट वापरले गेलेत आणि माल सदोष नव्हता. खरं सांगू का, अवघड आहे. १९१५वर नोंदवायला पैसे पडत नाहीत, अल्पवयीन मुलाचा मुद्दा ठळक लिहून नोंदवा. आशा मात्र फार धरू नका.

कटपीस

एक इशारा. रिफंड नाकारला म्हणून माझ्या मावसभावाने बँकेत "हा व्यवहार मी केलाच नाही" असं लिहून दिलं आणि पैसे परत आणले. खूश होता. मग कंपनीने त्याचं खातंच गोठवलं. थकबाकी भरा, मगच उघडू. त्यात त्याचे कित्येक वर्षांचे गेम होते, सगळे डिजिटल. भरले शेवटी.

पासबुक

आणि केलेला व्यवहार "मी केला नाही" म्हणून लिहून देणं हे खोटं निवेदन आहे, ते वेगळंच. आमच्याकडे रोज येतात असे.

नवा भिडू

मी पीएस५ वर पुढच्या महिन्यात येणारा गेम आगाऊ नोंदवलाय. आता मित्र म्हणतात डिस्क घे, आपापसात फिरवू. रद्द होईल का?

जेलरोडकर

होईल. आगाऊ नोंदणी गेम यायला १४ दिवसांहून जास्त असताना केली असेल तर तो येईपर्यंत कधीही रद्द करता येते. पण आगाऊ घेतलेला गेम प्रकाशनाच्या आधीच उतरायला लागतो, म्हणून शेवटच्या दिवसांवर ढकलू नकोस. आधी डाउनलोडची यादी बघ, आपोआप उतरवणं बंद कर, मग सपोर्टच्या पानावर जा. खरेदीचा मेल समोर ठेव, त्यातला ऑर्डर क्रमांक विचारतात. आणि डिस्क घ्यायचीच असेल तर रविवारी येऊ नकोस, रविवारी मी बंद असतो.