यूएचएफ सिम्प्लेक्स: सगळे ४३४.५०० वरच का?

पारसिकपार
ठाणे-नवी मुंबईतले हॅम रेडिओचे हँडीवाले (हातातल्या सेटवाले) सिम्प्लेक्सवर, म्हणजे मध्ये रिपीटर (सिग्नल पुढे पाठवणारं केंद्र) न घेता थेट सेट ते सेट, हाकही ४३४.५०० मेगाहर्ट्झवर मारतात आणि तासभर गप्पाही तिथेच. हाक तिथे मारा, गप्पांना ४३४.५५० वर सरका. आपला हॅम परवाना यूएचएफमध्ये ४३४ ते ४३८ मेगाहर्ट्झ, त्यामुळे बाहेरच्या देशांच्या याद्यांमधलं ४३३.५०० मेमरीतून काढा. ४३५ च्या वर मात्र एफएम गप्पा नकोत, तिथे उपग्रह आहेत.

खारघर_७०सेमी
चारपैकी तीन मेगाहर्ट्झ सोडून द्यायचे? उपग्रह दहा-पंधरा मिनिटांत निघून जातो. आधी ऐका, शांत असेल तर बोला.

पारसिकपार
ऐकून कळणार कसं? एसओ-५० या हॅम उपग्रहाचा सिग्नल खाली उतरतो ४३६.७९५ वर. तुमच्या रबर डकवर (हँडीच्या आखूड अँटेनावर) स्क्वेल्च, म्हणजे सिग्नल नसताना स्पीकर बंद ठेवणारी सोय, उघडणारही नाही, आणि शेजारच्या गच्चीवर कुणीतरी हातात यागी (एका दिशेची अँटेना) धरून तोच सिग्नल शोधत असेल. तुमच्या ५ वॉटखाली तो गाडला जाईल. शिवाय डॉप्लरमुळे, म्हणजे उपग्रहाच्या वेगामुळे, सिग्नल दहाएक किलोहर्ट्झ वर-खाली सरकतो, म्हणजे नेमका आकडा टाळूनही भागत नाही. आयएसएस या अंतराळ स्थानकावरच्या रिपीटरचं ४३७.८०० ही त्याच पट्ट्यात.

घोडबंदर_मोबाइल
४३५ चं मान्य. पण सरकायचं कसं? मध्ये पारसिकचा डोंगर. कळव्याहून "५५० वर या" म्हटलेलं बेलापूरला अर्धवट पोचतं, मग दोघं दोन फ्रिक्वेन्सींवर एकमेकांना शोधत बसतात. त्यापेक्षा ४३४.५०० वरच राहा आणि दर ओव्हरनंतर (आपलं बोलणं संपल्यावर) तीन सेकंद जागा सोडा.

वाशी_खाडी
जागा सोडली तरी हाक मारणारा खोळंबतोच. सरकावं, पण ५५० वर नको. १४४.८५० चा तिसरा हार्मोनिक (तिप्पट फ्रिक्वेन्सीवरचा नकोसा सिग्नल) नेमका ४३४.५५० वर पडतो. त्याच इमारतीत कुणी स्वस्त हँडीवर दोन मीटर पट्ट्यात (१४४ मेगाहर्ट्झच्या) बोलला की तुमचा स्क्वेल्च उघडलाच. ४३४.६०० घ्या, जवळच्या रिपीटरचं इनपुट-आउटपुट तिथे नाही एवढं पाहून. ५ किलोहर्ट्झ डेव्हिएशनचा (आवाजाबरोबर फ्रिक्वेन्सी तेवढी सरकणारा) एफएम साधारण १६ किलोहर्ट्झ पसरतो, म्हणून दोन फ्रिक्वेन्सींत अंतर २५ चं ठेवा. त्याच कारणाने ४३४.००० वर बसू नका, अर्धा सिग्नल पट्ट्याबाहेर जातो. एकाचा सेट वाइडवर (जास्त डेव्हिएशन), दुसऱ्याचा नॅरोवर (कमी) असेल तर जोरात बोलताच आवाज फाटतो आणि लोक उगाच अँटेना बदलत बसतात. टोन (ठरावीक सूर असलेलाच सिग्नल ऐकवणारी सोय) लावून गर्दी कमी होत नाही. दुसरा ऐकू येत नाही, पण तुम्ही त्याच्यावरच बोलत असता.

घोडबंदर_मोबाइल
मग ४३४.६०० आधीच ठरलेलं हवं, हवेत सांगायची वेळच यायला नको. ५०० वर दोनदा हाक, उत्तर मिळालं की दोघं थेट ६००, मिनिटभरात गाठ पडली नाही तर परत ५००. असं असेल तर चालेल.