मदत हवी आहे: टोनी कास्कारिनोला 'आयरिश वंशाचा' म्हणायचं की नाही?

नमस्कार मंडळी,

एका दिवाळी अंकासाठी फुटबॉलवर लेख लिहितोय आणि पहिल्याच वाक्यावर गाडी अडलीय. लेख टोनी कास्कारिनोवर आहे. सुरुवात अशी केली होती: 'आयरिश वंशाचा हा स्ट्रायकर इंग्लंडमध्ये जन्मला...' संपादक बाईंनी 'वंशाचा' या शब्दाखाली पेन्सिलीनं दोन रेघा ओढल्या आणि समासात लिहिलं, 'कसा? पान चारवर तुम्हीच उलटं लिहिलंय.' बाईंचं बरोबर आहे, म्हणून तर इथं आलोय.

ज्यांना हा माणूस माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. (थोडक्यात जमणार नाही, पण बघू.)

जन्म १ सप्टेंबर १९६२, केंट परगण्यात सेंट पॉल्स क्रे इथला. आडनाव वडिलांकडून आलेलं, इटालियन. उंचापुरा गडी, हेडर मारण्यात पटाईत. आधी केस कापायचं काम शिकला, आणि क्रॉकनहिल नावाच्या छोट्या हौशी क्लबकडून खेळायचा. तिथून १९८२ साली त्याला गिलिंगहॅमनं उचललं. बदल्यात पैसे नाहीत, काही ट्रॅकसूट आणि मैदानाच्या डागडुजीला थोडे पत्रे दिले, असा किस्सा सांगतात. पाच वर्षांनी मिलवॉलनं त्याच्यासाठी दोन लाख पौंड मोजले. तिथं टेडी शेरिंगहॅमबरोबर त्याची जोडी अशी जमली, की १९८८ मध्ये मिलवॉल इतिहासात पहिल्यांदा इंग्लंडच्या सर्वोच्च विभागात गेला. १९९० मध्ये ॲस्टन व्हिलानं पंधरा लाख पौंड टाकले. पुढची चार वर्षं, म्हणजे व्हिला, सेल्टिक आणि चेल्सी, मी लेखात एका परिच्छेदात उरकलीत. त्यालाही ती फारशी आवडली नसावीत.

मग १९९४ मध्ये मार्सेय. लाचखोरीच्या प्रकरणात शिक्षा होऊन हा क्लब दुसऱ्या विभागात ढकलला गेला होता, आणि तिशी ओलांडलेल्या या माणसानं तिथं पहिल्या हंगामात ३१ आणि दुसऱ्या हंगामात ३० गोल केले! फ्रेंच लोक त्याला 'टोनी गोल' म्हणायला लागले. ज्याला इंग्लंडात संपला म्हणून सोडून दिलं होतं, तो पुढं नॅन्सीकडूनही खेळला आणि २००० पर्यंत फ्रान्समध्येच राहिला.

आता मूळ मुद्दा. आयर्लंडकडून तो पहिल्यांदा खेळला सप्टेंबर १९८५ मध्ये, बर्नला स्वित्झर्लंडविरुद्ध. आधार काय, तर आईचे वडील मायकल ओमॅली हे मेयो परगण्यातल्या वेस्टपोर्टचे. आजी-आजोबांपैकी एक जण आयर्लंडात जन्मलेला असला की नातवाला आयरिश नागरिकत्व मागता येतं, आणि नागरिकत्व असलं की संघात जागा. आयर्लंडचा प्रशिक्षक जॅक चार्ल्टननं (हा स्वतः १९६६ चा इंग्लंडचा विश्वविजेता) या वाटेचा असा उपयोग केला, की आयर्लंडच्या एफएआय या फुटबॉल संघटनेच्या नावाचा अर्थ लोक 'फाइंड अनदर आयरिशमन', म्हणजे 'आणखी एक आयरिश शोधा', असा लावायचे. हॉटन ग्लासगोचा, ऑल्ड्रिज लिव्हरपूलचा, मॅकार्थी बार्न्सलीचा, टाउनसेंड केंटचा. आणि याच संघानं १९८८ च्या युरोमध्ये स्टुटगार्टला इंग्लंडला हरवलं!

१९९० चा विश्वचषक तर अफाट. पाच सामन्यांत आयर्लंडचे मोजून दोन गोल, नव्वद मिनिटांत एकही विजय नाही, तरी उपांत्यपूर्व फेरीत. जेनोआला रुमानियाविरुद्ध शूटआउट झालं, त्यात चौथी पेनल्टी कास्कारिनोची. मी ती क्लिप इतक्या वेळा पाहिलीय की बायको वैतागलीय. बूट आधी मातीत रुततो, हिरवळीचं ढेकूळ उडतं आणि चेंडू कसाबसा गोलकीपरच्या अंगाखालून आत सरकतो. मग आपला, म्हणजे आयर्लंडचा, गोलकीपर बॉनर रुमानियाच्या टिमोफ्टेची पेनल्टी अडवतो, आणि आयर्लंडचा ओलिअरी शेवटची मारतो. पुढं रोममध्ये इटलीनं १-० नं घरी पाठवलं, म्हणजे आडनावाच्या देशानं!

आता पान चार. १९९६ मध्ये आईनं त्याला सांगितलं, की ती ओमॅलींची दत्तक मुलगी आहे. आजोबांशी रक्ताचं नातं नाही. तोवर तो अकरा वर्षं हिरव्या जर्सीत खेळलेला. त्यानं हे पोटात ठेवलं आणि १९९९ मध्ये तुर्कस्तानात बुर्साला शेवटचा सामना खेळेपर्यंत खेळत राहिला. ८८ सामने, तेव्हाचा आयरिश विक्रम. २००० सालच्या आत्मचरित्रात मात्र सगळं उघड केलं आणि स्वतःला 'खोटा आयरिश' म्हणून मोकळा झाला.

तर मदत दोन गोष्टींत हवी आहे. एक, 'आयरिश वंशाचा' लिहू की नको? दुसरी, त्या सवलतीला इंग्रज 'ग्रॅनी रूल' म्हणतात. मी 'आजीचा नियम' लिहिलं, पण ते वाचून पाय धुतल्याशिवाय स्वयंपाकघरात यायचं नाही, एवढंच आठवतं. कृपया सुचवा. अंक चार दिवसांत छापायला जातोय.

रविवार_दुपार: कायदा आधी बघा, दादा. त्याला स्वतःला काहीही वाटलं असलं, तरी दत्तक घेतल्यावर आईला आयरिश नागरिकत्वाचा हक्क मिळाला, आणि तिच्याकडून त्याला. म्हणजे तो पहिल्या दिवसापासून पात्रच होता. पुस्तक आल्यावर जो गदारोळ झाला तो फुकटचा. 'खोटा आयरिश' एवढंच लिहून थांबलात तर त्याच्यावर अन्याय होईल.

शब्दवेडी: तुमचा शब्द तुमच्या समोरच पडलाय की! आईचे वडील म्हणजे आजोळ. 'आजोळचा हक्क' म्हणा. इंग्रजांना आईकडची आजी आणि वडिलांकडची आजी यात फरकच नाही, त्यांना हा शब्द सापडणार कुठून? फक्त ज्या खेळाडूंचं नातं वडिलांकडून आहे त्यांना तो लावू नका, तिथं सरळ 'आजी-आजोबांची सवलत' लिहा. आणि 'वंश' काढाच. त्या शब्दाला रक्त लागतं.

कागलकर: ताईंशी असहमत. तुम्ही कोल्हापूरचे दिसताय, शाहू स्टेडियमवर तालमींच्या फुटबॉल मॅचेस बघितल्या असतीलच. ज्यांचं नाव त्या स्टेडियमला आहे ते राजर्षी शाहू मूळचे आमच्या कागलच्या घाटग्यांचे यशवंतराव. १८८४ साली कोल्हापूरच्या गादीला दत्तक आले. आता कोणीतरी पेठेत उभं राहून म्हणून दाखवा, की ते छत्रपतींच्या वंशातले नव्हेत! आपल्याकडं दत्तक गेला की गोत्रसुद्धा बदलतं. दत्तक नामंजूर म्हणायला फिफात कोण डलहौसी बसलाय?

शब्दवेडी: @कागलकर, हे मान्य. पण वारसा आणि वंश यात एक पायरीचं अंतर आहेच. 'घराण्यातला' म्हणाल तर माझी तक्रार नाही.

धागाकर्ता: सगळ्यांचे आभार. कागलकर, स्टेडियमचं ओळखलंत, लहानपण त्या पायऱ्यांवरच गेलंय. शाहू महाराजांचं माझ्या डोक्यात कसं आलं नाही याचीच लाज वाटतेय. आता वाक्य असं केलंय: 'केंटमध्ये जन्मलेला, इटालियन आडनावाचा हा स्ट्रायकर आजोळच्या हक्कानं आयर्लंडकडून ८८ सामने खेळला, ते आजोळ दत्तकाचं होतं हे त्याला अकरा वर्षांनी कळलं.' कायद्याचा मुद्दा पान चारवर घातलाय. बाईंना पाठवतो.

धागाकर्ता: ताजी खबर. वाक्य मंजूर झालं. पण आता बाईंची पेन्सिल पान एकवर आलीय. 'गिलिंगहॅमनं काही ट्रॅकसूट आणि थोडे पत्रे दिले' याच्या समासात लिहिलंय: 'पत्रे नव्हे, पत्रं. आणि कसली? शिफारशीची?'