युद्ध तहकूब होणे आणि तह होणे

पणजीहून

मी एका मराठी दैनिकात भाषांतराच्या टेबलावर असते. परवा रात्री उशिरा आलेल्या एका बातमीत सीझफायर, ट्रूस, आर्मिस्टिस आणि पीस ट्रीटी असे चारही शब्द होते. मथळ्याला जागा कमी होती, म्हणून मी 'अखेर तह' असे दोन शब्द लावले आणि पान सोडले. सकाळी डिचोलीच्या एका वाचकांचा फोन आला. "बाय, गोळीबार थांबला म्हूण बातमी आसा. तह खंय जाला?" त्यांचे बरोबर होते. बोलणी अजून सुरूही झाली नव्हती. तेव्हापासून हा शब्द डोक्यातून जात नाही. युद्धविराम, युद्धतहकुबी, शस्त्रसंधी, तह, करार हे शब्द आपण एकमेकांच्या जागी बिनधास्त वापरतो. त्यांच्या हद्दी कुठे आहेत, ते जाणकारांनी सांगावे.

फोंड्याहून

मी पंचवीस वर्षे इतिहास शिकवला. वर्गात हा फरक सांगायला 'तहकूब' हाच शब्द माझ्या कामी यायचा. ग्रामसभा तहकूब झाली म्हणजे संपली का? नाही, ती पुन्हा भरायची असते. युद्धतहकुबीचे तसेच आहे. जुन्या मराठी वर्तमानपत्रांत हा शब्द सर्रास असे. आता तो मागे पडला, याचे मला मनापासून वाईट वाटते, कारण 'अजून संपलेले नाही' हे तो शब्द स्वतःच सांगतो.

पहिल्या महायुद्धाचे घ्या. ११ नोव्हेंबर १९१८ ला कॉम्पियेन्यच्या रानात, रेल्वेच्या डब्यात सह्या झाल्या. ती युद्धतहकुबी होती, तीही सुरुवातीला ३६ दिवसांचीच, आणि पुढे मुदत वाढवत न्यावी लागली. तोफा थांबल्या, पण जर्मनीची सागरी नाकेबंदी पुढच्या वर्षीच्या जुलैपर्यंत चालूच होती. व्हर्सायच्या तहावर सह्या झाल्या २८ जून १९१९ ला, आणि तो अमलात आला १० जानेवारी १९२० ला. म्हणजे '१९१८ साली तह झाला' हे वाक्य चूक. मुले परीक्षेत हमखास असेच लिहीत.

कोरियात तर तहकुबीवरच घोडे अडले आहे. दोन वर्षे बोलणी झाली. सरहद्दीपेक्षा जास्त घोळ युद्धकैद्यांवरून झाला : परत जायला नकार देणाऱ्या कैद्यांचे काय करायचे? २७ जुलै १९५३ ला शस्त्रसंधी झाली, त्या कैद्यांची देखरेख करणाऱ्या तटस्थ आयोगाचे अध्यक्षपद भारताकडे आले आणि जनरल थिमय्या तिकडे गेले. तह आजतागायत नाही.

पेडण्याहून

सर, 'शस्त्रसंधी' शब्द चांगला, पण मला 'संधी' हाच मूळ शब्द परत हवा आहे. मी संस्कृत शिकवते. कौटिल्याने राजनीतीचे सहा गुण सांगितले, त्यांत पहिला संधी आणि दुसरा विग्रह. व्याकरणात दोन वर्ण जुळतात ती संधी, शरीरात दोन हाडे जुळतात तो सांधा, आणि दोन राजे जुळतात तीही संधी. तह म्हटले की फक्त कागद दिसतो. संधी म्हटले की जोड दिसतो.

पणजीहून

ताई, तुमचे म्हणणे पटते, पण मथळ्यात 'दोन्ही देशांत संधी' छापले तर वाचक नोकरभरती समजेल. 'शांततेची संधी' म्हणजे तर आता शांतता येण्याची शक्यता, एवढाच अर्थ उरला. शस्त्रसंधीत मात्र तो जुना अर्थ टिकला आहे, म्हणून तो शब्द मी सोडणार नाही.

मडगावहून

वकिलाच्या नजरेने थोडे. आपण गोव्यातली माणसे, आपल्याला हा फरक दुसऱ्या देशात शोधायला नको. १९ डिसेंबर १९६१ च्या रात्री पोर्तुगीज गव्हर्नर जनरल व्हासालो ए सिल्वा यांनी शरणपत्रावर सही केली. लढाई दोन दिवसांत आटोपली. माझे आजोबा बाणस्तारीच्या अलीकडे राहत. पोर्तुगीजांनी जाताना पूल उडवला, त्या धमाक्याने घरातली देवाची समई कलंडली, हे ते दर डिसेंबरात सांगत. पण कागदावर? पोर्तुगालने गोवा गेला हे मान्यच केले नाही. लिस्बनमध्ये १९७४ च्या एप्रिलमध्ये क्रांती होऊन राजवट बदलली, तेव्हा कुठे वाट मोकळी झाली. ३१ डिसेंबर १९७४ ला दिल्लीत तहावर सह्या झाल्या : तिकडून त्यांचे परराष्ट्रमंत्री मारियो सोआरिश, इकडून आपले परराष्ट्रमंत्री यशवंतराव चव्हाण. शरणागती आणि तह यांच्यामध्ये तेरा वर्षे.

त्या तहात एक खुबी आहे. भारताचे सार्वभौमत्व सहीच्या दिवसापासून मान्य केलेले नाही. गोवा, दमण, दीव, दादरा आणि नगर हवेली हे प्रदेश भारतीय संविधानानुसार ज्या दिवशी भारताचे भाग झाले, त्या दिवसापासून मान्य केले आहे. मागील तारखेने. शरणागती हत्यारांचा प्रश्न सोडवते, मालकीचा प्रश्न तहाच्या कलमांनी सुटतो. वास्तू, भाषा, मालमत्तेचे दावे असे विषय त्यात आले ते त्यामुळेच.

फोंड्याहून

वकीलसाहेब, तुमच्या पेशाचा शब्दही याच विषयातला! मराठेशाहीत 'वकील' म्हणजे दुसऱ्या दरबारात बोलणी करणारा माणूस. कोर्टातला अर्थ नंतर रुळला.

शरणागतीचेही दोन प्रकार वेगळे ठेवावेत. १९६१ ची बिनशर्त होती. १७३९ ला वसईत चिमाजी आप्पांपुढे पोर्तुगीज शरण आले, ते कलमे ठरवून. शिबंदी हत्यारांसह, वाजतगाजत किल्ल्याबाहेर पडली. पोर्तुगीज भाषेत अशा शरणागतीला 'कापितुलासांव' म्हणतात. त्याच्या मुळाशी 'प्रकरण, कलम' या अर्थाचा लॅटिन शब्द आहे. आपल्याकडे अशा वेळी 'कौल' देत, म्हणजे अभयाचा लेखी शब्द. गोव्यात कौल म्हटले की देवळातला प्रसाद आठवतो, नाहीतर १९६७ चा जनमत कौल. पण मूळ भाव एकच : ज्याच्या हाती आहे त्याने दिलेला शब्द.

आणि एक गैरसमज. तह म्हणजे युद्धाचा शेवट, असे दर वेळी नसते. पुरंदरच्या तहाने १६६५ ला लढाई थांबली आणि महाराजांना तेवीस किल्ले द्यावे लागले. पण ३१ डिसेंबर १८०२ च्या वसईच्या तहाने पुढच्याच वर्षी इंग्रजांशी युद्ध पेटले. 'युद्धात जिंकले, तहात हरले' ही म्हण आपल्याकडे उगाच रुळलेली नाही. वाटाघाटीत बसणाऱ्याच्या हाती त्या क्षणी किती मुलूख, किती कैदी आणि किती वेळ आहे, यावर कलमे ठरतात.

पणजीहून

मग मी टेबलावर असे चिकटवते आहे. नुसता गोळीबार थांबला तर 'युद्धविराम'. दोन्ही बाजूंनी सह्या करून लढाई थांबवली तर 'शस्त्रसंधी' किंवा 'युद्धतहकुबी'. एकाने हत्यारे ठेवली तर 'शरणागती', आणि ती बिनशर्त की सशर्त ते सोबत लिहायचेच. कलमे ठरून युद्धाचा निकाल लागला तरच 'तह'. १९७२ चा सिमल्याचा 'करार' मात्र करारच राहू दे, तो शब्द लोकांच्या तोंडी बसला आहे.

एक उरले. सही झाल्यावर देश तहाला अंतिम मान्यता देतो, त्याला सरकारी मराठीत 'अनुसमर्थन' म्हणतात. वाचताना जीभ अडखळते.

पेडण्याहून

'शिक्कामोर्तब' लिहा. शिक्का पत्राच्या माथ्यावर, मोर्तब अगदी तळाशी. शिवाजी महाराजांच्या मोर्तबेवर अक्षरे होती 'मर्यादेयं विराजते'. इथे मजकूर संपला, याच्याखाली कोणी एक ओळही घालायची नाही.