साचा नव्हे, आतली हवा
एकांनी लिहिलंय की ब्रिटिश शिल्पकार रेचल व्हाइटरीड नुसते घरांचे साचे काढते, त्यात कला ती काय? मला हे अजिबात पटलं नाही. ती भिंतींचा साचा काढतच नाही. भिंतींच्या आत जी रिकामी जागा असते, तीच घट्ट करून समोर ठेवते.

१९९० चं तिचं ‘घोस्ट’ हे शिल्प बघा. उत्तर लंडनमधल्या जुन्या घराची बैठकीची खोली तिने प्लास्टरमध्ये उतरवली. सगळं उलटं. विजेचं बटण आत गेलेलं, शेगडीचा कोनाडा बाहेर आलेला आणि त्यावर खरी काजळी चिकटलेली! आमच्या चाळीतली खोली पाडायच्या आदल्या दिवशी देवघराच्या जागी समईच्या धुराचा काळा पट्टा तेवढा उरला होता. आई त्यावर हात ठेवून कितीतरी वेळ उभी होती. ‘घोस्ट’चा फोटो पाहिला तेव्हा मला तोच पट्टा दिसला.

१९९३ मध्ये तिने पूर्व लंडनमधलं अख्खं घरच आतून काँक्रीटने भरलं आणि बाहेरच्या भिंती काढून टाकल्या. टर्नर पारितोषिक हे ब्रिटनमधलं कलेचं मोठं पारितोषिक मिळवणारी ती पहिली स्त्री, तेही त्याच वर्षी. तरी जानेवारी १९९४ मध्ये ते काँक्रीटचं घर पाडलंच. फार वाईट झालं ते.

आणि हो, खुर्च्यांखालच्या शंभर पोकळ्यांचे तिचे रंगीत, पारदर्शक रेझिनचे ठोकळे जरूर बघा. खुर्चीखालची जागा कधी नीट पाहिलीय आपण?