शब्दांत शक्ती असलेलं काल्पनिक जग: शक्तीला मर्यादा कशी घालावी, काय वाचावं?

रानजाई
नमस्कार मंडळी. मराठीत एक अद्भुत कादंबरी लिहितेय. तिच्या जगात 'झिरप' नावाची शक्ती जमिनीतून माणसांच्या बोलण्यात उतरते आणि शब्दाला अर्थ तिच्यामुळेच येतो. एखाद्या खोऱ्यातली झिरप आटली की तिथे कुणी 'पाणी' म्हणालं तरी समोरचा नुसता बघत राहतो. नायिका अशाच आटलेल्या गावातली आहे.

अडचण अशी की झिरपेला काहीच अशक्य उरलेलं नाही. नायिकेनं शब्द उच्चारला की दार उघडतं, पूर ओसरतो. पुढे काय होईल याची उत्सुकताच राहत नाही. इंग्रजीतलं बरंच वाचलंय, आपल्याकडचं काही सुचवा. संस्कृत शाळेपुरतंच येतं.

मधुकोश
इंद्रशत्रूची गोष्ट आधी वाचा. इंद्रानं मुलाला मारलं म्हणून त्वष्टा या देवांच्या कारागिरानं यज्ञ मांडला आणि 'इंद्रशत्रू, वाढ' म्हणत आहुती दिली. त्याला हवा होता इंद्राला मारणारा. पण आघात शेवटच्या अक्षराऐवजी पहिल्यावर पडला, तत्पुरुष समासाचा बहुव्रीही झाला आणि अर्थ झाला 'इंद्र ज्याला मारणार आहे तो'. वृत्र जन्मला, वाढला आणि इंद्राच्याच हातून मेला. व्याकरण कशासाठी शिकायचं हे सांगताना पतंजलीनं महाभाष्याच्या, म्हणजे पाणिनीच्या व्याकरणावरच्या भाष्याच्या, सुरुवातीलाच हा दाखला दिलाय.

मंत्र वाया गेला नाही, तो अक्षरशः खरा ठरला, हे मला फार मोलाचं वाटतं. झिरपेला मनातलं कळत नाही, तोंडातून निघालेलं तेवढं कळतं, असा नियम करून बघा. तुमची नायिका मुक्या झालेल्या गावात वाढली, तिला उच्चार शिकवणार कोण? तिच्या प्रत्येक शब्दाला आपोआप धोका येईल.

पायवाट
भर्तृहरीचं वाक्यपदीय, शब्द आणि अर्थ यांच्या तत्त्वज्ञानावरचा संस्कृत ग्रंथ. ग्रंथ अवघड आहे, निदान स्फोटाची कल्पना एखाद्या जाणकाराकडून समजून घ्या. ध्वनी एकामागून एक येतात, पण अर्थ तुकड्यातुकड्यानं येत नाही, शेवटच्या ध्वनीबरोबर तो अखंड उमटतो. आणि अर्थाचा खरा घटक शब्द नसून वाक्य, असं तो मानतो. म्हणजे नायिकेला वाक्य पुरं करावंच लागेल. शत्रूनं तिला मध्येच तोडलं तर?

आडगावकर
रानजाई ताई, माझं मत अमृतानुभवाला. ज्ञानेश्वरी सगळे सुचवतील, पण तुमच्या कामाचा हा छोटा ग्रंथ आहे. दहा प्रकरणं. तिसऱ्याचं नाव वाचाऋणपरिहार: परा, पश्यंती, मध्यमा, वैखरी या आतल्या मौनापासून उच्चारलेल्या शब्दापर्यंतच्या चारही वाणी जिवाला झोपेतून उठवतात, त्यांचं ऋण कसं फेडायचं, हा तिथला विषय. बोलण्याचं देणं लागतं ही कल्पनाच केवढी आहे! तुमच्या जगात प्रत्येक वाक्यामागे कुणाचं तरी देणं चढत असेल, तर पूर ओसरवण्याआधी नायिका दहादा विचार करेल.

मग सहावं प्रकरण, शब्दखंडन. सुरुवातीला माउली शब्दाची तोंडभरून स्तुती करतात. तो आठवण करून देणारा आहे, निराकाराला दाखवणारा आरसा आहे. आणि एवढं गौरवल्यावर त्याची सीमा आखतात: जो आत्मा स्वतःच स्वतःचा प्रकाश आहे, जो कधी विसरलाच गेला नाही, त्याची आठवण शब्द कशी करून देणार? माझ्या मते तुमची मर्यादा इथे आहे. झिरप नवं काही घडवू शकत नाही, विसरलेलं तेवढं जागं करते. दार पूर्वी कधी उघडलं असेल तरच शब्दानं उघडेल. नदीला तिचं जुनं पात्र आठवेल, पण पाणी नाहीसं होणार नाही, ते दुसऱ्या कुणाच्या शेतात जाईल. ओवी जुनी मराठी आहे, सार्थ प्रत घ्या आणि मूळ मोठ्यानं वाचा.

चांदवड
पुस्तकांइतकंच गोंधळ्यांकडेही बघा. करपल्लवी ही त्यांची बोटांची भाषा. एक गोंधळी प्रेक्षकाच्या कानाशी लागून नाव विचारतो आणि लांब उभा असलेला दुसरा, साथीदाराची बोटं वाचून, ते नाव सगळ्यांसमोर सांगतो. मधे शब्द नाहीच. झिरप आटल्यावर तुमच्या गावकऱ्यांनी असं काहीतरी उभं केलं असणार. माणसं पिढ्यान् पिढ्या गप्प बसत नाहीत.

महानुभावांची सकळ लिपीही बघा. पोथ्या शतकानुशतकं त्या सांकेतिक लिपीत राहिल्या, किल्ली पंथाच्या हाती. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला इतिहासकार वि. का. राजवाड्यांनी ती उलगडली.

रानजाई
सगळ्यांचे आभार. आडगावकर दादांचा 'विसरलेलं जागं करणं' हा नियम घेतेय आणि मधुकोश यांचा उच्चाराचाही. पण मग बाळाचं काय? त्याला आठवण्यासारखं काहीच नसतं. आटलेल्या गावात जन्मलेल्या मुलीवर झिरप चालेल कशी?

आडगावकर
तिच्यावर चालूच नये. तिला शब्द शिकावे लागतील त्या म्हाताऱ्यांकडून, ज्यांना झिरप आटण्याआधीचं आठवतं. असे किती उरलेत आणि त्यांच्यातलं कोण शिकवायला तयार नाही, ते आधी ठरवा.