संकटात टीमला सगळं खरं सांगावं का?

अर्धविराम
कपातीची कुजबुज सुरू झाली, मोठा ग्राहक गेला किंवा प्रकल्प अधांतरी लटकला की बरेच मॅनेजर टीमला एकच सांगतात, "काळजी करू नका, सगळं ठीक होईल." माझ्या मते हे बंद व्हावं. लोक बावळट नसतात. बंद दाराआडच्या मीटिंगा वाढल्यात हे त्यांना दिसतं, आणि तुम्ही गप्प बसलात की अफवांना ऊत येतो. काय माहीत आहे, काय नाही आणि पुढचं कधी सांगणार, एवढं बोलायला काय हरकत आहे? त्यातही शेवटचं जास्त महत्त्वाचं. "शुक्रवारी चार वाजता भेटू, नवीन काही नसलं तरी भेटू" म्हटलं की निदान शुक्रवारपर्यंत माणूस कामाला लागतो.

जुना खलाशी
साफ असहमत. अंटार्क्टिका ओलांडायला निघालेल्या मोहिमेचा प्रमुख शॅकल्टन, त्याचं 'एन्ड्युरन्स' जहाज १९१५ मध्ये अंटार्क्टिकाच्या बर्फात अडकून बुडालं. २८ माणसं बर्फावर. तो काय रोज सभा घेऊन "आपण वाचू की नाही, देव जाणे" म्हणत होता? मनातली धास्ती त्याने मनातच ठेवली. कुरकुर करणाऱ्यांना मुद्दाम आपल्याच तंबूत घेतलं, म्हणजे निराशा पसरायला नको. सगळेच्या सगळे २८ जिवंत परतले. पारदर्शकतेच्या नावाखाली आपली भीती हाताखालच्यांच्या गळ्यात मारणं, याला मी तरी नेतृत्व म्हणत नाही.

शून्यप्रहर
शॅकल्टन येणार हे ठाऊकच होतं :)
त्याच मोहिमेची दुसरी तुकडी रॉस समुद्राच्या बाजूला त्याच्या वाटेवर अन्नसाठे लावत होती. तो तिथवर पोचलाच नाही, आणि त्या तुकडीतले तिघे मेले. 'एकही माणूस गमावला नाही' म्हणताना ते तिघे कुणी हिशेबात धरत नाही. शिवाय जहाजावरचा सुतार मॅकनिश. बर्फावरून होड्या ओढायला त्याने तोंडावर नकार दिला. त्याला दटावून गप्प केलं, पण ते ओढणं थोड्याच दिवसांत सोडावं लागलं. पुढे ज्या होडीतून शॅकल्टन मदत आणायला दक्षिण जॉर्जिया बेटावर गेला, ती खवळलेल्या समुद्रात टिकेल अशी याच सुताराने केली होती. बक्षीस काय? ध्रुवीय पदकाच्या यादीतून नाव वगळलं. अशा टीममध्ये पुढच्या वेळी तोंड कोण उघडेल?

खिडकीशेजारी
तुम्ही दोघं राहा बर्फावर. मी मधल्या फळीतली मॅनेजर. कपातीची यादी मला आधी दाखवतात आणि गुप्ततेच्या कागदावर सही घेतात. आता "माहीत नाही" म्हणू? ते खोटं. "माहीत आहे पण सांगणार नाही" म्हणू? त्याच संध्याकाळी अर्धी टीम सीव्ही अपडेट करायला बसेल.

अर्धविराम
बसू दे की. त्यांनाही घर चालवायचंय. "काही गोष्टी सांगायची मला परवानगी नाही, पण खोटं बोलणार नाही" एवढं तर म्हणता येतं.

जुना खलाशी
म्हणता येतं. मग ज्याचं नाव यादीत नव्हतंच, तो पहिला सोडून जातो. त्याचं काम कोण करणार, तुम्ही?

दीपमाळ
सांगावं की नाही यापेक्षा कधी सांगावं हे बघा. चिलीतली सॅन होजे खाण, ऑगस्ट २०१०. ३३ कामगार सुमारे ७०० मीटर खाली अडकलेले. पहिले १७ दिवस ते जिवंत आहेत का, हेही वरच्यांना कळत नव्हतं. शिफ्टप्रमुख लुईस उर्सुआ आणि बाकीच्यांनी होतं तेवढं अन्न मोजून वाटून घेतलं, दर दोन दिवसांनी दोन चमचे ट्यूना. साठा किती उरलाय हे कुणी लपवलं असतं तर एवढ्यावर लोक शांत राहिले नसते, असं मला वाटतं. मात्र संपर्क झाल्यावर सुटकेला महिने लागतील हे वरच्यांनी त्यांना लगेच सांगितलं नाही. थोडं थांबून नाताळपर्यंतची मुदत दिली, आणि १३ ऑक्टोबरला सगळे बाहेर आले. मुदत लांबची दिली, म्हणून ती मोडली नाही. तेव्हा खलाशीबुवा, तुमचं अर्धं बरोबर.

जुना खलाशी
अर्धं कसं? बातमी दाबली, भलं झालं. पूर्ण बरोबर!

दीपमाळ
दाबली नाही, काही दिवस थांबवली, तीही खालच्यांना सावरायला वेळ मिळावा म्हणून. कपातीची बातमी महिनोन्‌महिने थांबवतात ती कुणाच्या भल्यासाठी? बहुतेकदा शेअरच्या भावासाठी.

खिडकीशेजारी
हे पटलं. पण सही माझी असते, शेअरवाल्यांची नाही. यादीतल्याच एकाने उद्या मला विचारलं, "मॅडम, घराच्या कर्जाचे कागद भरू का?" तर?

अर्धविराम
"थोडं थांब" म्हणा.

खिडकीशेजारी
वा! त्या दोन शब्दांत अख्खी यादी फुटली की.