कादंबरीतल्या विहिरीत साठलेला उजेड काठावरून दिसेल का?

मंगळवारपेठकर (प्रश्न)

नमस्कार. मी लिहीत असलेल्या कादंबरीच्या जगात उजेडाला वजन आहे. दिवसभर पडलेला उजेड संध्याकाळी उतारांवरून ओघळत विहिरींमध्ये जमतो आणि रात्रभर तळाशी बसून राहतो. तिथली माणसे त्याला ‘साका’ म्हणतात. ही कल्पना मला पन्हाळ्यावरच्या अंधारबावेत सुचली. त्या तीन मजली वास्तूत तळाच्या विहिरीकडे उतरताना पायरीपायरीने उजेड कमी होत जातो. माझ्या जगात नेमके याच्या उलट घडावे, असे वाटले.

पहिल्या प्रकरणात नायिका रात्री काठावरून खाली पाहते आणि तिला पांढराशुभ्र तळ दिसतो. हे वाचून एका मित्राने विचारले, की उजेड खालीच राहत असेल, तर तो तिच्या डोळ्यांपर्यंत पोहोचला कसा? मला उत्तर देता आले नाही. ही सारी जादू आहे असे म्हणून सुटका करून घ्यायची नाही. त्या जगाचे नियम वाचकाला तपासता यावेत, अशी माझी मनापासून इच्छा आहे.

राजारामपुरीतील शिक्षक

आपल्या मित्राची शंका रास्त आहे. अंबाबाईच्या मंदिरातला किरणोत्सव आठवून पाहा. 9, 10 आणि 11 नोव्हेंबरला, तसेच 31 जानेवारी, 1 आणि 2 फेब्रुवारीला मावळतीचे किरण महाद्वारातून गाभाऱ्याकडे जातात. बाजूला उभ्या असलेल्या भाविकाला हवेतला झोत दिसतो, तो केवळ हवेतली धूळ त्यातला थोडा उजेड त्याच्याकडे वळवते म्हणून. डोळ्यांत न शिरलेला उजेड कितीही असला तरी दिसत नाही. म्हणून आपली विहीर काठावरून काळीच दिसली पाहिजे, आणि नायिका साक्यात उतरली, की मगच तिला लख्ख दिसले पाहिजे.

पंचगंगाकाठ

सरांचा मूळ मुद्दा मान्य आहे, परंतु विहीर पूर्ण काळी दिसेल, हे मला पटत नाही. आपल्या जगातही उजेड खाली पडतोच. 1 किलोमीटर आडवा गेलेला किरण त्या वाटेत सुमारे अर्ध्या अणूच्या रुंदीइतका खाली येतो. हे पडणे इतके नगण्य आहे, कारण उजेडाचा वेग सेकंदाला जवळजवळ 3 लाख किलोमीटर आहे. आपण कादंबरीतल्या जगात हाच वेग मुळातून सेकंदाला 20 मीटर धरला, तर 10 मीटर जाईपर्यंत आडवा किरण सव्वा मीटरच्या आसपास खाली येईल. मग विहिरीतला तिरका किरण वळून पुन्हा तळाकडे जाईल आणि जवळजवळ सरळ वर निघालेलाच काठापर्यंत पोहोचेल. म्हणजे नायिकेला अगदी वाकून, तळाच्या नेमके वर डोके आणून पाहावे लागेल. एक पाऊल मागे सरली, की समोर अंधार.

रंगाचेही पाहा. वर चढणाऱ्या उजेडाची ऊर्जा घटते आणि तो तांबड्याकडे झुकतो. हे 1960 साली हार्वर्डमध्ये पाउंड आणि रेब्का यांनी 22.5 मीटर उंचीच्या प्रयोगात मोजून दाखवले. तिथला फरक एकावर पंधरा शून्ये इतक्या भागांत जेमतेम अडीच भाग होता. आपल्या मंद उजेडाला मात्र 20 मीटर खोल विहीर चढणे फार महागात पडेल: तळचा जांभळा काठावर नारिंगी होऊन येईल आणि तळचा तांबडा डोळ्यांना दिसणारच नाही. त्यामुळे वरून पांढराशुभ्र तळ नव्हे, तर निखाऱ्यासारखी मंद आभा दिसेल, आणि नायिका उतरू लागली, की ती पायरीपायरीने उजळत पांढरी होत जाईल.

जुना बुधवार

वरील विवेचन फार आवडले. एका अडचणीकडे मात्र कोणाचे लक्ष गेले नाही: भिंतींना आपटल्यावर त्या उजेडाचे काय होते? आपल्याकडच्या काळ्या कातळाची विहीर असेल, तर बहुतेक उजेड भिंतीत शोषला जाऊन त्याची ऊब होईल. 3 मीटर रुंदीच्या विहिरीत सेकंदाला 20 मीटर वेगाचा किरण सेकंदात साधारण सात वेळा आपटेल. दर वेळी 99 टक्के उजेड परतला, तरी पंधरा सेकंदांत जेमतेम 37 टक्के उरेल. दहा तासांच्या रात्रीत अडीच लाख आपट होतात, म्हणून दगडाने दर आपटीला अडीच लाखांतला एखादाच भाग गिळला पाहिजे. हे अगदीच अशक्य नाही, 99.999 टक्क्यांहून अधिक उजेड परतवणारे आरसे प्रयोगशाळांमध्ये आहेत. असा एखादा पांढरा दगड आपल्या जगात असावा आणि तो दुर्मीळ असावा, असे मी सुचवेन.

मंगळवारपेठकर

सर्वांचा अत्यंत आभारी आहे. आता गावात दोन प्रकारच्या विहिरी ठेवतो: पांढऱ्या दगडाची एकच, जिथे पहाटेपर्यंत साका टिकतो, आणि काळ्या कातळाच्या अनेक, ज्यांत उजेड काही क्षणही राहत नाही, पण ज्यांच्या कट्ट्यावर थंडीच्या रात्री माणसे पाठ टेकून बसतात. नायिका अशाच एका कट्ट्यावर वाढलेली असेल. पांढऱ्या विहिरीत ती पहिल्यांदा वाकून पाहील, तेव्हा तिला तळाशी फक्त निखाऱ्याची आभा दिसेल, आणि खाली पांढरे काही आहे, हे उतरेपर्यंत तिला कळणार नाही.